दोन चुलींचं घर

पळसतांड्याहून दारव्ह्याला जाणारी काळीपिवळी जीप चौदा माणसं झाल्याशिवाय हलत नाही. ड्रायव्हर फकिरा हा लखन आडे सरांचा जुना विद्यार्थी, दहावीला गणितात दोनदा आडवा झालेला. सर पुढच्या सीटवर बसले की तो रोज त्यांच्याकडं वळून विचारतो, "काय सर, छेद सारखे झाले का? काढू गाडी?"

मागची माणसं हसतात. सरही हसतात. बावीस वर्षं एकाच शाळेत एकच विषय शिकवणाऱ्याच्या पदरात एवढं तरी पडतं. पोट्टे नापास होतात, पण शब्द विसरत नाहीत.

लखन डोंगरसिंग आडे. वय अठ्ठेचाळीस. शाळा दारव्ह्याच्या बाहेर, टिनाच्या छताची, विनाअनुदानित. शाळेला अनुदान येणार येणार म्हणता म्हणता लखनचे केस पिकले, आणि मग त्यानं त्या वाटेकडं बघणंच सोडून दिलं. बायको विजयमाला अंगणवाडीत. म्हातारी आई धुरपताबाई तांड्यावरच्या घरी सोबतच, अजून ताठ. बंगला नाही, ओळखपाळख नाही, मिरवावं असं काही नाही. मात्र एक गोष्ट लखनजवळ होती आणि ती पुऱ्या जिल्ह्यात दुसऱ्या कोणाजवळ नव्हती, असं तो मानत होता. ती म्हणजे बैजिक अपूर्णांकांची बेरीज शिकवायची त्याची रीत.

ही बेरीज म्हणजे पोरांचा काळ. साधे अपूर्णांक कसेबसे जमतात. पण छेदात 'एक्स वर्ग अधिक तीन एक्स अधिक दोन' असं काही लांबलचक आलं की पोरगं त्याच्याकडं वाटेत साप आडवा आल्यासारखं बघतं. मग डोळे मिटून अंशात अंश मिळवतं, छेदात छेद मिळवतं, खाली दोन रेघा ओढतं आणि मोकळं होतं. लखनच्या शाळेत असं होत नव्हतं. ढ मानलेलं पोरगंही आधी छेदाचे अवयव पाडायचं आणि बोट ठेवून विचारायचं, "सर, हे घर दोन्ही यादीत हाये. एकदाच ना?"

ही रीत त्याला कोण्या पुस्तकात भेटली नव्हती. तांड्याच्या पंगतीत भेटली होती.

पळसतांड्यात लग्नाच्या आदल्या दिवशी सामाईक पंगत असायची. पोरीवाल्यांची यादी वेगळी, पोरावाल्यांची वेगळी. आवतन चूलबंद, म्हणजे बोलावलेल्या घरी त्या दिवशी चूल पेटवायची नाही, सगळ्यांनी पंगतीला यायचं. तांड्याचा मुखिया तो नायक, त्याच्या ओट्यावर दोन्ही याद्या वाचल्या जायच्या आणि त्यांची एक यादी व्हायची. जे घर दोन्हीकडं आहे ते एकदाच धरायचं, त्याचा शिधा तांडा भरणार. जे घर एकाच यादीत आहे, त्याचा शिधा दुसऱ्या बाजूनं भरायचा. "तू बलावले, मी जेवू घालतो," असा मान. पोरीवाल्यांच्या पाहुण्यांचे तांदूळ पोरावाल्यांच्या घरून यायचे, पोरावाल्यांच्या पाहुण्यांची डाळ पोरीवाल्यांच्या घरून. सोयरीक पक्की व्हायची ती अशी.

लखन नववीत असताना गणिताच्या मास्तरांनी फळ्यावर लसावि काढला आणि सांगितलं, ज्या छेदात जो अवयव नाही, त्याच्या अंशाला त्या अवयवानं गुणा. काहून गुणा, ते सांगितलं नाही. विचारणाऱ्याला छडी होती. आठ दिवस लखन ते घोकत राहिला. मग एका लग्नात आई डोक्यावर परक्याच्या पाहुण्यांचा शिधा घेऊन नायकाच्या ओट्याकडं निघाली आणि हा मागून चालता चालता मधेच थांबला. ज्याच्या यादीत जे घर नाही, त्यानं त्याचं ओझं उचलायचं. मास्तर तेच तर सांगत होता.

पण त्या रीतीला एक कलम होतं, आणि ते आडे घराण्याच्या अपमानातून आलं होतं.

लखन तेव्हा नऊ वर्षांचा. बाप डोंगरसिंग आणि मोठा काका एकाच छपराखाली वेगळे झालेले. मधे पऱ्हाटीचा, म्हणजे कापसाच्या काड्यांचा कूड, इकडं एक चूल, तिकडं एक. एका लग्नात पोरीवाल्यांनी दोन्ही चुलींना आवतन दिलं. पोरावाल्यांनी नुसतं मोठ्या काकाला. याद्या वाचणारा म्हणाला, आड्याचं घर दोन्हीकडं आहे, एकदा धरा. धुरपताबाईला याचा पत्ता नाही. आवतन आलं म्हणून तिनं सकाळपासून चूल पेटवली नव्हती. पोराचा हात धरून ती पंगतीत बसली, पत्रावळ पुढं आली, आणि वाढणारा समोर येऊन उभा राहिला.

"वहिनी, तुमच्या घरचं झालं. मोठे भाऊ बसून गेले."

भरल्या पंगतीतून ती उठली. काय होतं ते ज्याला उठवलं त्यालाच ठाऊक. लखनला पत्रावळीवरचं मीठ आठवत होतं. तेवढंच वाढून झालं होतं.

तिसऱ्या दिवशी नायकाच्या ओट्यावर तांडा बसला तेव्हा धुरपताबाई डोक्यावरचा पदर न सावरता पुढं गेली. "कूड पऱ्हाटीचा हाये म्हणून चूल नसते का? एकानं एक बलावली, दुसऱ्यानं दोन बलावल्या, तर पंगतीत किती बसतीन? एक का दोन?" त्या दिवसापासून तांड्यात ठरलं की ज्या घराच्या एका तरी यादीत दोन चुली आहेत, तिथं दोन धरायच्या. ज्यानं एकच बोलावली होती, त्यानं वरच्या एकीचा शिधा भरायचा.

लखन मास्तर झाल्यावर हे सगळं फळ्यावर आलं. एक्स अधिक एक हे एक घर. त्याचा वर्ग आला की तेच घर, दोन चुलींचं. पहिले दोन दिवस साधी घरं. तिसऱ्या दिवशी दोन चुली. त्या तिसऱ्या दिवशी तो पोरांना आईची गोष्ट सांगायचा, नाव घेऊन. "माह्या मायले पंगतीतून उठवलं होतं, म्हणून हा नियम हाये. विसरसान तर कोणतरी उपाशी राहीन."

हे त्यानं कधी कुठं लिहून ठेवलं नाही. लिहायचं असतं, हेच त्याच्या ध्यानात आलं नाही.

कपिल गावंडे हा त्याच्या सगळ्यात हुशार पोरांपैकी एक. शेजारच्या गावच्या रामरावांचा मुलगा. कापूस-सोयाबीनवालं बऱ्यापैकी घर. पहिल्या बाकावर बसायचा, बोट कायम वर. पहिल्या दोन दिवसांत त्यानं ती रीत अशी काही उचलली की लखनलाच नवल वाटलं. तिसऱ्या दिवशी मात्र पोरगा वर्गात नव्हता. बापासोबत कापसाच्या गाडीवर दिग्रसला गेलता. परत आल्यावर म्हणाला, "सर, माहं राह्यलेलं सांगा ना." लखन म्हणाला, "पुढच्या हप्त्यात बसू." पुढच्या हप्त्यात घटक चाचणी आली, मग स्नेहसंमेलन आलं, मग राहूनच गेलं. दहावीच्या परीक्षेत दोन चुलींचं गणित आलं नाही. कपिलला गणितात सत्त्याण्णव पडले. ते राहिलेलं कोणाच्याच लक्षात राहिलं नाही.

त्याला आता चौदा वर्षं झाली होती. कपिल सरकारी शाळेत लागला, मोबाईलवर गणिताचे व्हिडिओ टाकू लागला, त्याला कुठलंसं बक्षीस मिळालं. आणि या जानेवारीत लखनच्या मुख्याध्यापकांनी, भगवानरावांनी, एक पत्र त्याच्या हातात दिलं. "आडे सर, जिल्ह्याचं प्रशिक्षण हाये यवतमाळले. नव्या पद्धतीनं बीजगणित. जाऊन या. सोबत हे पुस्तक दिलं हाये, वाचून या म्हणतात."

पुस्तक चाळीस पानांचं, गुळगुळीत. वर नाव होतं, 'बेरीज चुलीवरची'. खाली 'संकल्पना व लेखन: कपिल रामराव गावंडे'.

लखननं ते जीपमध्ये वाचलं. फकिरानं दोनदा विचारलं, छेद सारखे झाले का, पण सरांचं लक्ष नव्हतं. दोन याद्या होत्या. सामाईक घर होतं. शिध्याचं ओझं होतं. तांडा हा शब्द मात्र कुठं नव्हता. तांड्याच्या जागी 'गाव', नायकाच्या जागी 'सरपंच'. चित्रात बायकांच्या अंगावर नऊवारी लुगडी.

घरी येऊन त्यानं विजयमालेला पुस्तक दाखवलं. ती भाकर थापता थापता म्हणाली, "मंग? नाव घेईन तो तुमचं तिथं. इतका का नमकहराम असते माणूस? तुमच्या हाताखाली शिकला तो."

"घेईन," लखन म्हणाला. आणि त्यानं ठेवणीतला शर्ट इस्त्रीला दिला.

यवतमाळला हॉलच्या बाहेर, व्हरांड्यात, चहाच्या टेबलापाशी कपिलनं त्याला पाहिलं आणि वाकून दोन्ही पायांना हात लावला. त्या वेळी तिथं एक चहावाला सोडून कोणी नव्हतं.

"सर, तुम्ही आले. लय बरं वाटलं."

"तुहं पुस्तक पाह्यलं."

"तुमचाच आशीर्वाद, सर. बसा, पुढं बसा."

लखन तिसऱ्या रांगेत बसला. दोन-अडीचशे गणित शिक्षक. शेजारी वामनराव नावाचे दिग्रसचे जाडजूड गुरुजी, निवृत्तीला सहा महिने राहिलेले, हातात तंबाखूची डबी. पलीकडं राजूरकडच्या अंजू मॅडम, वहीत सगळं लिहून घेणाऱ्या.

कपिल बोलायला चांगला होता. नाही कोण म्हणतं. पहिल्या दहा मिनिटांत हॉल त्यानं हातात घेतला. "मित्रहो, ही पद्धत मला कुठं मिळाली? कुठल्या विद्यापीठात नाही. माझी आजी. शाळेची पायरी न चढलेली. ती मला सांगायची, बेटा, जे घर दोन्ही यादीत आहे ते एकदाच धर."

हॉलमध्ये टाळ्या पडल्या. अंजू मॅडमनी वहीत लिहिलं, 'आजी'.

लखनला आधी वाटलं की हा पुढं माझ्यावर येणार. आजीवरून सरांवर. वक्ते असेच फिरून येतात. तो नीट बसला, शर्टाची कॉलर सारखी केली. कपिल आजीवरून फळ्यावर गेला, फळ्यावरून पडद्यावर गेला, पडद्यावरून पुस्तकाच्या पान अकरावर गेला. सरांवर काही आला नाही. अर्ध्या तासानं लखननं कॉलर सोडून दिली. रामरावांची आई त्यानं पाहिली होती. कपिल जन्मायच्या आधीच ती गेली होती.

"कोण्या गावची रीत म्हणे हे?" वामनराव कानाशी येऊन कुजबुजले.

"तांड्याची," लखन म्हणाला.

"तांड्याची? तुमच्या? मंग हा गावंडे कायचा आजी आजी करून राह्यला?"

वामनरावांनी डबीवर टिचकी मारली आणि पुन्हा पुढं बघू लागले.

पहिलं उदाहरण नीट सुटलं. एका छेदात एक्स अधिक एक आणि एक्स अधिक दोन, दुसऱ्यात एक्स अधिक दोन आणि एक्स अधिक तीन. सामाईक घर एकदा, राहिलेल्या घराचा शिधा दुसऱ्या बाजूनं. लोक माना डोलवत होते. मग कपिल म्हणाला, "आता तुमच्यापैकी कोणीतरी उदाहरण द्या. कुठलंही."

अंजू मॅडम उभ्या राहिल्या. "पहिल्याचा अंश एक, छेद एक्स अधिक एकचा वर्ग. दुसऱ्याचा अंश दोन, छेद एक्स अधिक एक गुणिले एक्स अधिक दोन. या दोघांची बेरीज."

लखन खुर्चीत पुढं सरकला. चौदा वर्षांपूर्वीचा तो तिसरा दिवस, दिग्रसची कापसाची गाडी, रिकामा पहिला बाक, सगळं त्याच्या डोळ्यांसमोर आलं. या पोराला हे माहीत नाही. त्यानं पुस्तकाची पानं पुन्हा चाळली. वर्गाचं एकही उदाहरण नव्हतं. काल जीपमध्ये राग इतका आला होता की हे दिसलंच नव्हतं.

"सोपं आहे," कपिल म्हणाला. "एक्स अधिक एक हे घर दोन्हीकडं. सामाईक. म्हणजे एकदाच. छेद झाला एक्स अधिक एक गुणिले एक्स अधिक दोन. पहिल्याकडं एक्स अधिक दोन नाही, त्याचा शिधा तो भरणार. दुसऱ्याकडं दोन्ही आहेत, त्याला काही भरायचं नाही. अंश झाला एक्स अधिक चार. संपलं."

"तपासून पाहू," अंजू मॅडम म्हणाल्या.

"पाहू ना. एक्सच्या जागी शून्य घाला. पहिला अपूर्णांक एक, दुसरा एक. बेरीज दोन. आता उत्तरात घाला. वर चार, खाली दोन. दोन. बरोबर?"

बरोबर होतं. हॉलभर पेनं चालली. कपिलनं खडू टेबलावर ठेवला.

लखन हसू दाबत बसला होता. कित्येक वर्षांत असं सुख झालं नव्हतं त्याला. शून्यानं झाकलं होतं सगळं. एक्स शून्य असला की एक्स अधिक एक म्हणजे एक, आणि एकाचा वर्ग पण एकच. दुसरी चूल दिसणारच नाही. दुसरा कुठलाही आकडा घाला, उघडं पडेल. पण लखन ते सांगणार नव्हता. बस म्हणावं आजीच्या मांडीवर. अडीचशे शाळांत शिकव. पडू दे तोंडावर.

"सर, शून्य सगळ्यांनाच पावते," अंजू मॅडम अजून उभ्याच होत्या. "मी एक घालून पाहिला. डावीकडं एक छेद चार आणि दोन छेद सहा. म्हणजे सात छेद बारा. तुमचं उत्तर पाच छेद सहा, म्हणजे दहा छेद बारा. जुळत नाही."

हॉलमध्ये कुजबुज सुरू झाली. कपिलनं पुन्हा खडू उचलला, एक घालून पाहिला, पुसला, पुन्हा घातला. दहा छेद बाराच येत होतं. त्यानं पडद्याकडं पाहिलं. पडदा काही सांगत नव्हता.

मागच्या रांगेतून एकानं आवाज दिला, "म्हणजे पद्धतच चुकीची हाये, सर."

"आजीच्या गोष्टी चुलीपाशी बऱ्या," दुसरा म्हणाला. हशा पिकला.

आणि वामनरावांनी, ज्यांना ही रीत तांड्याची असल्याचं मघाशी लखननंच सांगितलं होतं, खुर्चीवर मागं रेलून सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हटलं, "गावंडे सर, तांड्याचं गणित तांड्यातच ठेवा. आपला लसावि बरा."

या वेळचं हसणं मोठं होतं. पुढं बसलेले अधिकारीही हसले. एकानं पुस्तक बंद करून टेबलाच्या कडेला सरकवलं.

लखन उठला तेव्हा आपण उठणार आहोत हे त्याला माहीत नव्हतं. कपिल तोंडावर पडला असता तर तो आनंदानं घरी गेला असता. पण पडत होती ती त्याची आई. पंगतीतून पुन्हा तिलाच उठवून राह्यले होते हे, आणि या वेळी हसून.

"पद्धत चुकीची नाही," तो म्हणाला. "अर्धी हाये."

"कोण आपण?" एका अधिकाऱ्यानं विचारलं.

"आडे. दारव्हा."

तो फळ्यापाशी गेला. कपिलनं खडू दिला आणि बाजूला झाला. लखननं बावीस वर्षं जसं शिकवलं तसंच शिकवलं. कूड, दोन चुली, एकानं बोलावलेली एक, दुसऱ्यानं बोलावलेल्या दोन. आईचं नाव तेवढं घेतलं नाही. या लोकांसमोर नाही. "ज्या यादीत चुली जास्त, तितक्या धरा. छेद होईन एक्स अधिक एकचा वर्ग गुणिले एक्स अधिक दोन. पहिल्यानं एक्स अधिक दोनचा शिधा भरला. दुसऱ्याकडं एक चूल कमी होती, त्यानं एक्स अधिक एकचा भरला. एक्स अधिक दोन, अन् दोन एक्स अधिक दोन. अंश झाला तीन एक्स अधिक चार. एक घाला. वर सात. खाली चार गुणिले तीन. सात छेद बारा."

अंजू मॅडमनी वहीत पाहिलं आणि म्हणाल्या, "जुळलं." आणि त्यांनी टाळी वाजवली. मग सगळ्यांनी वाजवली. वामनरावांनी सगळ्यात मोठी.

"एक्झॅक्टली," कपिल म्हणाला. तोवर त्याच्या तोंडावर रंग परत आला होता. "हाच भाग मी जेवणानंतरच्या सत्रात घेणार होतो. मुद्दाम थांबलो होतो, कोणाच्या लक्षात येतं का पाहायला. धन्यवाद सर, बसा." आणि तो फळा त्यानं मोबाईलनं टिपून घेतला.

लखन जागेवर येऊन बसला. हातावरचा खडू पँटला पुसला.

जेवणाच्या सुट्टीत कपिल ताट घेऊन त्याच्याजवळ आला. "सर, आज वाचवलं तुम्ही."

"तुही आजी कवा सांगे रे तुले?"

कपिलनं मान खाली घातली, पण फार नाही. "सर, ते स्टेजवरचं असते. लोकाले आजी आवडते. मास्तर म्हटलं की लोक झोपतात."

"तांडा काहून काढला?"

"वरतून सुचवलं, सर. म्हणे सगळ्यांना समजलं पाहिजे. मी काय करू?" त्यानं भाताचा घास कालवला, खाल्ला नाही. "पण दुसरी आवृत्ती निघते जूनमध्ये. दोन चुलींचा धडा टाकतो. अन् तुमचं नाव टाकतो. ठळक. पहिल्या पानावर."

लखनच्या तोंडातून जन्मभराची सवय आली. "राहू दे. मले कायले नाव?"

आपल्याकडं पहिल्या आग्रहाला माणूस हो म्हणत नाही. पंगतीत वाढप्या पोळी घेऊन आला की ताटावर हात आडवा धरायचा. त्यानं दुसऱ्यांदा म्हणायचं, घ्या हो, आणि मग हात बाजूला करायचा. पहिल्यांदाच हो म्हणणारा हावरा. हे शिकवावं लागत नाही. लखननं हात आडवा धरला होता आणि तो दुसऱ्या शब्दाची वाट बघत होता. कपिलनं तोंड उघडलंही. तेवढ्यात त्याचा फोन वाजला. तो "येतो सर" म्हणून ताट घेऊन उठला, आणि सत्र संपल्यावर अधिकाऱ्यांच्या गाडीत बसला.

तांड्यावर परतला तेव्हा दिवस मावळायचा होता. धुरपताबाई ओट्यावर तूर पाखडत होती.

"दोन चुलीचं सांगतलं का तिथं?" तिनं विचारलं.

"सांगतलं, याडी."

"मंग?"

"मंग काय. टाळ्या वाजवल्या. कपिल म्हणे पुस्तकात नाव टाकतो."

"अन् तू?"

"राहू दे म्हनलं."

म्हातारीनं सूप खाली ठेवलं. "कितीदा?"

"एकदा."

"मंग बरं केलं. एकदा नाई म्हणाच लागते," ती म्हणाली. "इचारीन तो परत. खाल्लं हाये ना त्यानं पंगतीत."

आतून विजयमाला म्हणाली, "नका भरोसा ठेवू, आत्याबाई. आता पंगती कुठं रायल्या. ताट हातात घेऊन उभ्यानं खाते लोक. दुसऱ्यांदा कोण इचारते तिथं?"

फेब्रुवारीत लखननं फोनची वाट पाहिली. मार्चात पोरांच्या परीक्षा होत्या, तरी पाहिली. कपिलचा नंबर त्याच्याजवळ होता. चारदा काढून पाहिला. स्वतः फोन करून 'टाक बाप्पा माहं नाव' म्हणायचं, म्हणजे वाढप्याच्या मागं ताट घेऊन धावायचं. ते त्याच्यानं झालं नाही. एप्रिलमध्ये कपिलनं शुभेच्छांचा एक मेसेज पाठवला, फुलांचं चित्र असलेला, शंभर जणांना जातो तसा. लखननं दोन हात जोडलेले पाठवले.

जूनच्या शेवटच्या आठवड्यात शाळेत खोकं आलं. भगवानरावांनी शिपायाकडून फोडून घेतलं. "आडे सर, दुसरी आवृत्ती हाये. वर्गात हेच वापराचं, असं पत्र हाये सोबत. घरची उदाहरणं नको म्हणतात, एकसारखं शिकवाचं."

लखननं शिक्षकांच्या खोलीत जाऊन पहिलं पान उघडलं. नाव नव्हतं. शेवटचं पान उघडलं. तिथं आभार होते. तीन अधिकाऱ्यांचे. प्रोत्साहनाबद्दल वामनराव गुरुजींचे. मोलाची शंका विचारल्याबद्दल राजूरच्या अंजू मॅडमचे. मुद्रकाचे. ते पान त्यानं दोनदा वाचलं, मग बोट ठेवून तिसऱ्यांदा. अंजू मॅडमच्या नावाशी त्याचं भांडण नव्हतं. तिनं विचारलं होतं, तिचं नाव आलं. त्यानं नको म्हटलं होतं.

पान सत्तावीसवर नवा धडा होता, 'दोन चुलींचं घर'. मधे कूड काढला होता, चित्रात. पऱ्हाटीचा नाही, विटांचा.

मग तो खिशातला पेन काढून बसला. मधली सुट्टी झाली, पुढचा ऑफ तास झाला, शाळा सुटली तरी बसला. पुस्तकातलं प्रत्येक गणित त्यानं जुन्या वहीच्या पाठकोऱ्या कागदांवर सोडवून पाहिलं. एक्सच्या जागी एक घातला, दोन घातला, तीन घातला, उणे चार घातला. कुठं तरी एक चिन्ह चुकलेलं असेल. कुठं तरी एक चूल राहिली असेल. त्रेपन्न गणितं होती. शिपाई दोनदा कुलूप घेऊन आला आणि दोनदा परत गेला. बाहेर फकिरानं हॉर्न वाजवला, थांबला, आणि बाकीची तेरा माणसं घेऊन निघून गेला.

एकही चूक नव्हती. पोरानं काम नीट केलं होतं.

दुसऱ्या दिवशी त्यानं पुस्तकं वाटली. पहिल्या बाकावर खुशी नावाची मुलगी बसायची, पळसतांड्याचीच. त्यानं तिला पान सत्तावीस वाचायला सांगितलं.

ती उभी राहिली. "माझी आजी सांगायची," तिनं वाचलं आणि मान वर केली. "सर, हे तर तुमच्या घरचं व्हय ना? आमचा बाप सांगते. धुरपता आजीले उठवलं होतं ते."

वर्ग सरांकडं बघत होता. लखन फळ्याकडं तोंड करून तारीख लिहीत होता. ती लिहून झाली, मग त्यानं विषय लिहिला, मग खाली रेघ ओढली.

"पुस्तकात काय लिहिलं हाये?" त्यानं विचारलं.

"माझी आजी."

"मंग तेच वाच."